‘त्याला घरात ठेवलं तर मी गुन्हेगार ठरेन का?’ : निर्वासित, आश्रय आणि कायदा, वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात भाडेकरार आणि पोलीस व्हेरिफिकेशनवर लिहिलं होतं, त्यावर कोंढव्याच्या एका काकूंचं पत्र आलं आणि ते वाचून मी दोन दिवस दुसरं काही हातातच घेतलं नाही. त्यांचा प्रश्न भाड्याचा नव्हताच. मग आधी आलेली अशाच विषयावरची पत्रं बाहेर काढली, ती बरीच निघाली, म्हणून यावेळचं सगळं सदर याच विषयाला दिलंय. नावं कुणाचीच छापत नाहीये.

प्रश्न (कोंढवा) : ताई, नमस्कार. आमच्या वरच्या मजल्यावरच्या दोन खोल्या आम्ही परदेशी विद्यार्थ्यांना भाड्यानं देतो. तीन वर्षांपासून एक अफगाण मुलगा राहतोय, इथेच शिकला. मुलगा गुणी आहे, ह्यांना रात्री दोन वाजता छातीत दुखायला लागलं तेव्हा रिक्षा शोधून तोच घेऊन आला होता. आता त्याचा व्हिसा संपत आलाय, पासपोर्टची मुदतही संपतेय. त्याचे वडील तालिबानच्या आधीच्या सरकारात नोकरीला होते, त्यामुळे परत गेलो तर खैर नाही असं म्हणतो. दिल्लीहून युनोचं कार्ड काढणार म्हणतो. सोसायटीतले म्हणतात त्याला बाहेर काढा, नाहीतर तुम्हीच आत जाल. त्याला घरात ठेवलं तर मी गुन्हेगार ठरेन का?

उत्तर : काकू, आधी तुमची झोप परत देते. आज त्याचा व्हिसा चालू आहे, भाडेकरार आहे आणि तो तुमच्याकडे राहतो हे तुम्ही कळवलेलं आहे, तर तुम्ही कुठलाही गुन्हा करत नाही आहात. परदेशी माणूस राहायला आला की चोवीस तासांत त्याची माहिती ऑनलाइन कळवायची असते, ज्याला सगळे सी फॉर्म म्हणतात ते. तो भरला होता का ते आधी बघा आणि त्याची पावती काढून भाडेकराराला टाचून ठेवा. अंगाशी येतं ते जाणूनबुजून लपवून ठेवणं, खोटी माहिती देणं, नोंदच न करणं. माणूस घरात आहे आणि सगळ्यांना माहीत आहे यात लपवण्यासारखं काय आहे?

आता खरा प्रश्न त्याचा आहे. १ सप्टेंबर २०२५ पासून आपल्याकडे इमिग्रेशन अँड फॉरेनर्स ॲक्ट २०२५ लागू झालाय, त्यानं १९४६ चा जुना परदेशी नागरिक कायदा आणि त्याच्या जोडीचे तीन कायदे रद्द केले. व्हिसाची मुदत संपल्यावर राहिलं तर तीन वर्षांपर्यंत कैद किंवा तीन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही, आणि कागदपत्रांशिवाय देशात शिरलं तर पाच वर्षांपर्यंत कैद किंवा पाच लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. म्हणून पहिली गोष्ट ही की व्हिसा संपायची वाट बघत बसायचं नाही, मुदत असतानाच ई-एफआरआरओ, म्हणजे परदेशी नागरिक नोंदणीच्या सरकारी पोर्टलवर मुदतवाढीचा अर्ज टाकायचा, आणि परत का जाता येत नाही ते त्याच अर्जासोबत लेखी द्यायचं. मुलं नेमकं उलटं करतात. घाबरतात, गप्प बसतात, फोन उचलत नाहीत, आणि मग सहा महिन्यांनी माझ्यासमोर येऊन बसतात तेव्हा ओव्हरस्टेचा डाग आधीच लागलेला असतो.

युनोचं कार्ड म्हणजे यूएनएचसीआरचं, संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित उच्चायुक्त कार्यालयाचं. ते दिल्लीत आहे. अफगाणिस्तान, म्यानमार, सोमालिया, येमेन अशा देशांतून आलेल्यांची नोंदणी ते करतात. तिबेटी आणि श्रीलंकन तमिळ लोकांचं सरकार स्वतः बघतं. तिथे आधी नोंदणी होते, अर्ज विचाराधीन आहे असा एक कागद मिळतो, मग मुलाखत होते, ती तासन्‌तास चालू शकते, आणि अर्ज मान्य झाला तर निर्वासित म्हणून कार्ड मिळतं. यातलं काहीही पैसे देऊन होत नाही, कार्ड काढून देतो म्हणणारा कुणी भेटला तर त्याच्यापासून लांब राहायला सांगा त्या मुलाला.

पण काकू, त्या कार्डानं काय होतं आणि काय होत नाही हे नीट समजून घ्या. भारतानं १९५१ चा निर्वासितांचा करार सही केलेला नाही, त्याचा १९६७ चा प्रोटोकॉल, म्हणजे पूरक करारही नाही, आणि आपल्याकडे निर्वासितांसाठी वेगळा कायदाच नाही. त्यामुळे ते कार्ड म्हणजे व्हिसा नव्हे, राहण्याचा परवाना नव्हे, नोकरीचा हक्कही नव्हे. पोलिसांनी विचारलं तर हा माणूस कोण आहे, का थांबलाय हे सांगणारा एक भक्कम पुरावा आहे, आणि कोर्टात त्याचा उपयोग होतो. एवढंच, पण हे एवढंही कमी नाही.

सरकारची स्वतःची एक पद्धत मात्र आहे आणि ती फार लोकांना माहीत नसते. २९ डिसेंबर २०११ ला गृह मंत्रालयानं एक कार्यपद्धती काढली, नंतर ती २०१९ मध्ये सुधारली. त्यात असं आहे की एखादा परदेशी माणूस म्हणाला की मी निर्वासित आहे, तर त्याची चौकशी करायची, आणि वंश, धर्म, लिंग, राष्ट्रीयत्व, एखाद्या गटाचा असणं किंवा राजकीय मत यामुळे छळ होईल ही भीती खरी वाटली तर दीर्घ मुदतीच्या व्हिसासाठी, म्हणजे एलटीव्हीसाठी, मंत्रालयाकडे शिफारस करायची. एलटीव्ही मिळाला की खासगी नोकरी करता येते, शिकता येतं. मिळेलच असं मी कुणालाही सांगत नाही, पण मागितल्याशिवाय तर मुळीच मिळत नाही. पुण्यात हे काम पोलीस आयुक्तालयातल्या परदेशी नागरिक नोंदणी विभागातून चालतं.

आणि कागद. माझ्याकडे एक मुलगा आला होता, असाच, काबूल १५ ऑगस्ट २०२१ ला पडलं तेव्हा तो पुण्यात दुसऱ्या वर्षाला होता. त्याच्याकडे वडिलांच्या ऑफिसच्या ओळखपत्राचा फोटो होता, मोबाइलमध्ये, स्क्रीनला उभी चीर गेलेली, आणि तो फोटो दुसरीकडे कुठेच नव्हता. वडिलांच्या सगळ्या नोकरीचा एवढा एकच पुरावा आणि तो ज्या खिशात मोबाइल ठेवून पीएमटीनं फिरायचा त्या खिशाला बटणही नव्हतं. मी त्याला खुर्चीतून उठू दिलं नाही, तिथेच स्वतःलाच मेल करायला लावला, तीन प्रिंट काढल्या, एक माझ्या फाइलला ठेवली. तुमच्या मुलालाही हेच सांगा : वडिलांचं नेमणूकपत्र, धमकीचे मेसेज, घरच्यांचे फोटो, कॉलेजची बोनाफाइड, जुने व्हिसे, सगळ्याच्या प्रिंट आणि सगळं मेलवर. मुलाखतीत तारखा विचारतात, तेव्हा घडलेलं सगळं तारीखवार एका कागदावर आधी स्वतःच्या भाषेत लिहून काढायचं, कारण घाबरलेल्या माणसाच्या तारखा चुकतात आणि तारखा चुकल्या की खरं बोलणाराही खोटा वाटतो.

सोसायटीतल्यांना सांगा की संविधानाचं समानतेचं कलम १४ आणि जीवित-स्वातंत्र्याचं कलम २१ ‘व्यक्ती’ला लागू आहे, तिथे ‘नागरिक’ असा शब्द नाही. उद्या त्याला कुणी ताब्यात घेतलंच तर १५१०० हा विधी सेवेचा नंबर आहे, आणि शिवाजीनगर कोर्टाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे, ताब्यातल्या माणसाला तिथून फुकट वकील मिळतो, त्याचं उत्पन्न किती हे न बघता. व्हिसाची तारीख कॅलेंडरवर लाल पेनानं लिहून ठेवा आणि त्याच्या दोन महिने आधी अर्ज गेला की नाही ते तुम्ही स्वतः विचारा. तो मुलगा तुमचं ऐकेल.

प्रश्न (सदाशिव पेठ) : ताई, मी एमपीएससीचा अभ्यास करतोय. निर्वासित, आश्रय मागणारा आणि स्थलांतरित यात नक्की फरक काय? क्लासच्या नोट्समध्ये सगळं एकच करून टाकलंय. आणि भारतानं करारावर सही का नाही केली?

उत्तर : चांगलं विचारलंस. स्थलांतरित म्हणजे जागा बदललेला कुणीही, नोकरीसाठी, लग्न करून, शिकायला. उदगीरहून अभ्यासासाठी पुण्याला आलेलाही स्थलांतरितच. निर्वासित हा कायद्याचा शब्द आहे आणि त्याची व्याख्या २८ जुलै १९५१ च्या जिनिव्हा करारात आहे : वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, विशिष्ट सामाजिक गटाचा सदस्य असणं किंवा राजकीय मत, या पाचपैकी एखाद्या कारणानं छळ होईल अशी साधार भीती असल्यामुळे जो आपल्या देशाबाहेर आहे आणि त्या देशाचं संरक्षण घेऊ शकत नाही तो. साधार हा शब्द महत्त्वाचा, नुसतं मला भीती वाटते म्हणून चालत नाही. आणि देशाबाहेर हेही महत्त्वाचं, धरणात घर गेलं म्हणून दुसऱ्या तालुक्यात गेलेला माणूस या व्याख्येत बसत नाही, त्याचं दुःख तेवढंच असलं तरी. आश्रय मागणारा म्हणजे ज्यानं अर्ज केलाय पण निकाल लागलेला नाही असा माणूस. परीक्षेला बसलायस पण रिझल्ट नाही, तुला ही अवस्था मी काय समजावून सांगू.

त्या कराराचा कणा म्हणजे कलम ३३, जिथे जिवाला किंवा स्वातंत्र्याला धोका आहे तिथे माणसाला परत ढकलायचं नाही. आणि कलम ३१, जीव वाचवायला थेट आलेला माणूस विनापरवाना शिरला एवढ्याच कारणावरून त्याला शिक्षा करायची नाही, फक्त त्यानं लगेच पुढे येऊन सांगायला हवं. करार सुरुवातीला १ जानेवारी १९५१ च्या आधीच्या घटनांपुरताच होता आणि देशांना तो फक्त युरोपपुरता ठेवायचीही मुभा होती, ती तारखेची मर्यादा १९६७ च्या प्रोटोकॉलनं काढली.

सही का नाही याचं उत्तर तू फाळणीत शोध. करार होत होता तेव्हा आपल्याकडे सुमारे दीड कोटी माणसं इकडची तिकडे झालेली होती आणि करार लिहिणाऱ्यांच्या डोळ्यासमोर युरोप होता. आपण फाळणीतून आलेल्यांना निर्वासित म्हणून ठेवलंच नाही, थेट नागरिक केलं. संविधानाचं कलम ६ काढून वाच, १९ जुलै १९४८ च्या आधी पाकिस्तानातून आलेला, जो स्वतः किंवा ज्याच्या आईवडील-आजीआजोबांपैकी कुणी अविभाजित हिंदुस्थानात जन्मलेलं होतं तो नागरिक, आणि नंतर आलेल्यानं सहा महिने राहून नोंदणी करायची. नंतर सीमा उघड्या, शेजारी अस्थिर, आणि कुणाला ठेवायचं कुणाला नाही हे आपल्याच हातात राहावं ही प्रत्येक सरकारची इच्छा, हेही आहेच. म्हणून १९५९ ला तिबेटी आले तेव्हा एक वागणूक, १९८३ नंतर श्रीलंकेतून तमिळ आले तेव्हा दुसरी, म्यानमारमधून रोहिंग्या आले तेव्हा तिसरी. माझं स्वतःचं मत विचारशील तर हे चुकीचं आहे, करारावर सही करा न करा, पण देशाचा स्वतःचा कायदा हवा, म्हणजे अर्ज कुठे करायचा, निर्णय किती दिवसांत, अपील कुणाकडे हे लिहिलेलं असेल. २०१५ मध्ये शशी थरूर यांनी लोकसभेत खासगी आश्रय विधेयक मांडलं होतं, ते काही पुढे गेलं नाही. मुलाखतीत विचारलं तर तू तुझं मत दे, माझं नको.

आणि हो, १९४८ च्या मानवी हक्कांच्या जाहीरनाम्यातलं कलम १४ विसरू नकोस, दुसऱ्या देशात आश्रय मागण्याचा हक्क तिथे आहे. जाहीरनाम्याच्या पहिल्या कलमात ‘सर्व पुरुष’ ऐवजी ‘सर्व मानव’ हे शब्द यावेत म्हणून भांडल्या त्या भारताच्या प्रतिनिधी, आपल्या हंसा मेहता.

प्रश्न (पिंपरी कॅम्प) : ताई, आमचे आजोबा फाळणीत सिंधमधून आले, आम्ही इथेच वाढलो. माझी मावशी मात्र तिकडेच दिलेली, ती, काका आणि मुलं २०१७ मध्ये व्हिसावर आली आणि आता एलटीव्हीवर आहेत. २०२५ च्या एप्रिलमध्ये पाकिस्तानी लोकांचे व्हिसे रद्द केले तेव्हा मावशी आठवडाभर जेवली नाही. आता कुणी म्हणतं सीएएमध्ये अर्ज करा, कुणी म्हणतं तारीख वाढलीय. नक्की काय?

उत्तर : मावशींना आधी हे सांगा की पाकिस्तानी हिंदूंचे एलटीव्ही त्या वेळी रद्द झालेले नव्हते, सरकारनं तेव्हाच स्पष्ट केलं होतं. एलटीव्हीचं नूतनीकरण वेळेवर झालं पाहिजे एवढंच.

सीएए, म्हणजे २०१९ चा नागरिकत्व दुरुस्ती कायदा, अफगाणिस्तान, बांगलादेश आणि पाकिस्तानातून आलेल्या हिंदू, शीख, बौद्ध, जैन, पारशी, ख्रिश्चन लोकांसाठी आहे पण ३१ डिसेंबर २०१४ पर्यंत आलेल्यांसाठीच. नियम ११ मार्च २०२४ ला आले. तुमची मावशी २०१७ ची, ती यात बसत नाही. तारीख वाढली असं जे कानावर येतंय ते सप्टेंबर २०२५ च्या एका वेगळ्या आदेशामुळे, त्यात याच लोकांपैकी जे ३१ डिसेंबर २०२४ पर्यंत आलेत त्यांना पासपोर्ट-व्हिसा नसल्याबद्दलच्या कारवाईतून सूट दिलीय. ती सूट आहे, नागरिकत्व नाही. लोक या दोन गोष्टींची गल्लत करतात आणि एजंट त्या गल्लतीचे पैसे घेतात.

पण मावशींसाठी जुना रस्ताच चांगला आहे. नागरिकत्व कायद्याचं कलम ५ : जी व्यक्ती स्वतः किंवा जिच्या आईवडिलांपैकी कुणी अविभाजित हिंदुस्थानात जन्मलेलं आहे ती भारतीय वंशाची धरली जाते, आणि ती कायदेशीरपणे सात वर्षं इथे राहिली तर नोंदणीनं नागरिकत्व मागू शकते. मावशींचे वडील म्हणजे तुमचे आजोबाच ना? मग त्यांचा जन्म कुठला, कागद कुठला? फाळणीनंतरच्या कॅम्पातली जुनी नोंद, शाळेचा दाखला, जुनं रेशनकार्ड, काहीही, घरातली ती लोखंडी पेटी उघडा. सात वर्षं तर झालीच आहेत. पुण्याच्या कलेक्टर कचेरीतून पाकिस्तानातून आलेल्या अशा कुटुंबांना नागरिकत्वाची प्रमाणपत्रं दिली गेली आहेत, २०१६ मध्ये केंद्रानं काही जिल्ह्यांच्या कलेक्टरांना तो अधिकार दिला त्यात पुणे होतं. सध्या अर्ज ऑनलाइन सुरू होतो. काका आणि मुलांचे अर्ज वेगवेगळे करा, एकाचा अडकला तर सगळ्यांचे अडकायला नकोत.

एक आठवण सांगते. माझ्या पहिल्या वर्षांत पिंपरीचे एक म्हातारे गृहस्थ मालमत्तेच्या कामाला आले होते, मी फॉर्म भरताना सहज म्हटलं, तुम्ही निर्वासितांपैकी ना, तर ते शांतपणे म्हणाले, बेटा, आम्ही आलो तेव्हा हा शब्द लोक शिवी दिल्यासारखा म्हणायचे, फॉर्मवर लिही, तोंडानं नको म्हणू. तेव्हापासून मी समोरच्या माणसासाठी तो शब्द जपून वापरते.

प्रश्न (चिंचवड) : मॅडम, स्पष्ट लिहितो. आपल्याच लोकांना पाणी नाही, नोकऱ्या नाहीत, आणि घुसखोरांना कसलं संरक्षण? सुप्रीम कोर्टच म्हणालं ना की भारत धर्मशाळा नाही.

उत्तर : दादा, स्पष्ट लिहिलंत ते बरं केलंत. ते वाक्य मे २०२५ मधलं, श्रीलंकेच्या एका तमिळ माणसाच्या याचिकेच्या वेळचं. त्याला यूएपीए या दहशतवादविरोधी कायद्याखाली शिक्षा झालेली होती, ती भोगून झाल्यावर इथेच राहू द्या अशी त्याची मागणी होती, ती फेटाळताना न्यायमूर्ती तोंडी बोलले. त्याआधी ८ एप्रिल २०२१ ला रोहिंग्यांच्या प्रकरणात त्याच कोर्टानं लेखी आदेशात काय म्हटलं तेही वाचा : कलम १४ आणि २१ सगळ्या व्यक्तींना, नागरिक असोत नसोत, देशात राहण्या-वसण्याचा हक्क मात्र फक्त नागरिकांना, आणि ठरलेली कायदेशीर प्रक्रिया पार पाडल्याशिवाय कुणाला देशाबाहेर पाठवायचं नाही. त्या दिवशी कोर्टानं रोहिंग्यांना अंतरिम दिलासा दिला नाही, हेही तितकंच खरं, मी लपवत नाही. १९९६ मध्ये पूर्व पाकिस्तानातून आलेल्या चकमा लोकांना अरुणाचलमधून हुसकावलं जात होतं तेव्हा सुप्रीम कोर्टानं राज्य सरकारला बजावलं होतं की प्रत्येक माणसाच्या जिवाचं रक्षण करणं तुमचं काम आहे, आणि गुजरात हायकोर्टानं इराकी निर्वासितांच्या केसमध्ये परत न ढकलण्याचं तत्त्व कलम २१ मध्येच आहे असं म्हटलं. म्हणजे सरकार बाहेर काढू शकतं, पण जमाव काढू शकत नाही, आणि सरकारनंही कायद्यानंच काढायचं.

घुसखोर आणि निर्वासित यात फरक करायचाय ना, मग तो फरक तपासायला कुणीतरी बसवायला हवं, अर्ज वाचायला हवा, माणसाला विचारायला हवं. फरक न तपासताच सगळ्यांना एक शब्द लावला तर खरा गुन्हेगारही गर्दीत सुटतो.

पाण्याचं म्हणाल तर कोल्हापूरला जा एकदा. शहराजवळच्या वळिवड्याला १९४३ ते १९४८ या काळात सुमारे पाच हजार पोलिश माणसं राहिली, बहुतेक बायका आणि मुलं, रशियानं आधी सैबेरियाकडे हाकललेली, तिथून इराणमार्गे इथवर पोचलेली. शाळा होती, चर्च होतं. तेव्हा कोल्हापुरात काय सुबत्ता ओसंडून वाहत होती असं नाही, महायुद्ध चालू होतं, रेशन होतं. त्या लोकांची मुलं-नातवंडं अजून येतात, महावीर उद्यानात त्यांनी उभारलेला स्तंभ आहे, आणि त्यावर ते कोल्हापूरकरांचे आभार मानतात. मी वकील म्हणून कलमं सांगते पण मला खरं म्हणजे त्या स्तंभाचा अभिमान वाटतो, कलमांपेक्षा जास्त.

प्रश्न (कर्वेनगर) : माझा भाचा अमेरिकेत शिकायला गेला, नोकरी लागली नाही, व्हिसा संपतोय. तिथला एक एजंट म्हणतो असायलमचा, म्हणजे आश्रयाचा अर्ज टाक, भारतात राजकीय त्रास आहे असं लिहू, पाच लाख द्या. बहीण पैसे जमवतेय. करावं का?

उत्तर : नाही. बहिणीला आजच फोन करा.

नोकरी न मिळणं हे आश्रयाचं कारण कुठल्याच देशात नाही. अमेरिकेत पोचल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज करायचा असतो, अपवाद थोडे आहेत. आणि जाणूनबुजून खोटा रचलेला अर्ज ठरला तर तिथल्या इमिग्रेशनच्या सवलती कायमच्या बंद होऊ शकतात, म्हणजे उद्या चांगली नोकरी लागली, लग्न तिथे झालं, तरी दार बंद. शिवाय अर्जात शपथेवर लिहायचं की मी भारतात गेलो तर माझा छळ होईल, आणि मग आजी वारली म्हणून तिकीट काढायचं, हे कसं जमणार? सही भाच्याची असते, एजंटची नाही. भाच्याला परत येऊ द्या, घरी परत येण्यात काही कमीपणा नाही. पाच लाख वाचतील हा भाग वेगळा, मला राग येतो तो यासाठी की अशा प्रत्येक खोट्या अर्जामुळे पुढच्या खऱ्या माणसाकडे अधिकारी संशयानं बघतो, आणि त्या खऱ्या माणसाकडे परत जायला कर्वेनगर नसतं.

प्रश्न (शाळेतल्या एक बाई, येरवडा) : येमेनचं एक कुटुंब आमच्या वस्तीत राहतं, मुलगी सात वर्षांची आहे, आधार नाही, जन्मदाखला अरबीत. पहिलीत घेऊ शकतो का?

उत्तर : घ्या. शिक्षण हक्क कायदा २००९ सहा ते चौदा वयाच्या प्रत्येक बालकासाठी आहे, त्यात नागरिकत्वाची अट नाही, आणि वयाचा पुरावा नाही म्हणून प्रवेश नाकारता येत नाही असं कलम १४ मध्ये स्पष्ट आहे. सात वर्षांची आहे तर वयाप्रमाणे दुसरीत बसवता येईल, कलम ४ बघा, पण भाषेचा विचार करून तुम्हीच ठरवा, तुम्ही बाई आहात, तुम्हाला जास्त कळतं. ऑनलाइन नोंदणीत आधारचा रकाना अडला तर मुख्याध्यापकांकडून लेखी कळवा, तोंडी नको. तोवर तिला वर्गात बसू द्या.

प्रश्न (औंध) : दर हिवाळ्यात स्वेटर विकायला येणाऱ्या एका तिबेटी ताईंशी आमचं घरोब्याचं झालंय, माझ्या मुलीचा पहिला स्वेटर त्यांच्याचकडचा. त्यांचा जन्म कर्नाटकात बैलकुप्प्याला, १९८५ चा. त्यांच्याकडे आरसी, म्हणजे परदेशी म्हणून केलेल्या नोंदणीचं प्रमाणपत्र आहे, ती सारखी रिन्यू करावी लागते. त्यांना पासपोर्ट मिळेल का?

उत्तर : मिळायला हवा, कारण त्या जन्मानं भारतीय नागरिकच आहेत. नागरिकत्व कायद्याप्रमाणे २६ जानेवारी १९५० पासून ३० जून १९८७ पर्यंत भारतात जन्मलेला माणूस नागरिक, आईवडील कुठलेही असोत. दिल्ली हायकोर्टानं २०१० मध्ये एका तिबेटी तरुणीच्या केसमध्ये हेच सांगितलं, तिचा जन्म १९८६ चा, आणि २०१६ मध्ये पुन्हा तसाच निकाल आला, त्यानंतर पासपोर्ट कार्यालयांना तशा सूचनाही गेल्या. त्यांच्या धाकट्या बहिणीचा जन्म जुलै १९८७ नंतरचा असेल तर तिला मात्र हे लागू नाही, एकाच घरात एक नागरिक आणि एक परदेशी असं होतं, ते ऐकायला विचित्र वाटलं तरी कायदा तसा आहे.

पण त्यांना आधी विचारा की हवाय का. पासपोर्ट घेताना आरसी परत करायला सांगतात, वसाहतीतल्या घराचं काय हा प्रश्न येतो, आणि काही तिबेटी माणसं ठरवून घेत नाहीत, आपण परत जाणार आहोत असं त्यांनी मनाशी धरलेलं असतं. आपल्या गोंदिया जिल्ह्यात गोठणगावजवळ तिबेटी वसाहत आहे, तिथल्या एका आजींनी मला असंच हसत नाही म्हटलं होतं. तो त्यांचा निर्णय, आपण घाई करायची नाही.

हवा असेल तर सगळं जन्मदाखल्यावर अडतं. तो मूळ आहे की झेरॉक्स, नोंद त्याच वर्षी झाली की नंतर कधी, नावाचं स्पेलिंग आरसीवरच्या नावाशी जुळतं का, हे तीन प्रश्न विचारा. नोंद नसेल तर जन्म झाला त्या तालुक्यातूनच उशिरा नोंदणीचा अर्ज करावा लागेल, त्याला वेळ लागतो, म्हणून स्टॉल उठायच्या आत एका संध्याकाळी त्यांना घरी चहाला बोलवा आणि कागद सोबत आणायला सांगा.